आरसेमहाल युरोप: राष्ट्रस्वभावाचे साचे आणि ते तपासायची पद्धत

सावरीचा_कापूस

इंग्रज थंड डोक्याचा, इटालियन तापट, जर्मन शिस्तीचा, स्पॅनिश माणूस दुपारी झोपणारा. ही वाक्यं खरी की खोटी यावर कट्ट्यावर दोन तास सहज जातात आणि हाती काही लागत नाही. डच अभ्यासक यूप लेअरसेन (जन्म १९५५) यांनी या वादाला बगल देऊन वेगळा प्रश्न धरला. असं वाक्य कोण, कोणाबद्दल, कोणत्या प्रकारच्या लिखाणात लिहितो, त्याने ते कुठून उचललं, आणि पुढे ते कोणाकोणाच्या कामी आलं? खरं-खोटं हा प्रश्नच बाजूला.

आडनाव-नावाचा उच्चार आधी सांगतो, कारण मराठी लेखांत ‘जोएप’ छापलेलं दिसतं. डचमध्ये ‘जे’चा य होतो आणि ‘ओ-ई’चा ऊ. म्हणून यूप.

थोडी पार्श्वभूमी. जर्मनीतल्या आखेन विद्यापीठात ह्यूगो डायसेरिंक यांनी १९६०च्या दशकात राष्ट्रांच्या प्रतिमांच्या या अभ्यासाची घडी बसवली. लेअरसेन त्यांचे विद्यार्थी. १९८६ची पीएचडी आयर्लंडच्या प्रतिमेवर, १९९१मध्ये अ‍ॅम्स्टरडॅमला आधुनिक युरोपीय साहित्याचे प्राध्यापक, २००८मध्ये स्पिनोझा पुरस्कार. २०११च्या त्यांच्या डच पुस्तकाचं नावच ‘स्पीगेलपालेइस युरोपा’, म्हणजे चक्क आरसेमहाल युरोप. २०१८मध्ये त्यांच्या संपादनाखाली युरोपातल्या स्वच्छंदतावादी राष्ट्रवादाचा कोश दोन खंडांत आला.

चार संज्ञा लागतील. मराठी प्रतिशब्द माझे आहेत, चांगले सुचवा.

*परप्रतिमा*: एका समाजाने दुसऱ्याबद्दल रंगवलेली.
*स्वप्रतिमा*: स्वतःबद्दलची.
*मानीव प्रतिमा*: ‘ते आपल्याला असं समजतात’ असं आपण धरून चालतो ती. (सोसायटीच्या मानीव अभिहस्तांतरणामुळे हा शब्द तरी सर्वांना पाठ आहे.)
*जोडसाचा*: एकाच साच्याची दोन उलटी तोंडं. आयरिश माणूस हिंसक, आणि आयरिश माणूस कवीमनाचा. वरवर विरोध दिसतो, पण दोन्हीच्या मुळाशी ‘तो भावनेच्या भरात वागतो, विवेकाने नाही’ हेच विधान आहे. वेळ पडेल तसं एक तोंड पुढे येतं, दुसरं मागे थांबतं. नाहीसं कुठलंच होत नाही.

धागा काढायचं कारण असं की युरोपीय साच्यांवर मराठीत लिहिलं जातं ते बहुतेक विनोदांच्या यादीच्या पातळीवर. पद्धत नीट मांडावी असा विचार आहे. एखादं जुनं साधन घेऊन सुरुवात करू. सुचवा.

---

भीमथडी

साधन एकच, श्टायरियाचा लोकफलक. व्हिएन्नाच्या लोकजीवन संग्रहालयात आहे. ऑस्ट्रियाच्या श्टायरिया प्रांतातलं तैलचित्र, काळ अठराव्या शतकाचा पूर्वार्ध. आउग्सबुर्गच्या लेओपोल्डने छापलेल्या एका कोरीव चित्रावरून ते उतरवलेलं आहे.

वर दहा पुरुष आपापल्या पोशाखात ओळीने उभे: स्पॅनिश, फ्रेंच, इटालियन, जर्मन, इंग्रज, स्वीडिश, पोलिश, हंगेरियन, मॉस्कोवाला, आणि दहाव्या रकान्यात ‘तुर्क किंवा ग्रीक’. खाली सतरा ओळी: रीत, बुद्धी, दुर्गुण, पोशाख, रोग, युद्धातला गुण, कोणाला धनी मानतात, वेळ कसा घालवतात, कोणत्या प्राण्यासारखे, मरण कुठे येतं वगैरे. एकूण १७० चौकटी. आजच्या भाषेत एक्सेल शीट.

मरणाची ओळ: स्पॅनिश अंथरुणात, फ्रेंच युद्धात, इटालियन मठात, जर्मन दारूत, इंग्रज पाण्यात, स्वीडिश जमिनीवर, पोलिश तबेल्यात, हंगेरियन तलवारीने, मॉस्कोवाला बर्फात, तुर्क कपटात.

प्राण्यांची ओळ: हत्ती, कोल्हा, लिंक्स (मोठं रानमांजर), सिंह, घोडा, बैल, अस्वल, लांडगा, गाढव, मांजर.

वेळ घालवण्याची: जुगार-खेळ, फसवाफसवी, गप्पा, पिणं, काम, खाणं, भांडण, रिकामटेकडेपणा, झोप, आजारपण.

---

चौकस_चिमणी

सिंह जर्मनाला! चित्र काढणारा जर्मनभाषक, एवढं न सांगता कळलं. 😄

---

भीमथडी

इथेच पहिली चूक होते. ‘स्वतःला चांगलं, दुसऱ्याला वाईट’ हे सूत्र या फलकाला पूर्ण बसत नाही. जर्मनाच्या वाट्याला सिंह आणि ‘मोकळ्या मनाचा’ आहे, पण वेळ जातो पिण्यात, मरण येतं दारूत आणि पोशाखाच्या ओळीत ‘सगळ्यांची नक्कल करतो’ असं लिहिलंय. म्हणजे स्वप्रतिमेत स्वतःची खोडीही आहे. आणि काम करण्यात वेळ घालवणारा एकटा इंग्रज. आज ज्या जर्मनाच्या नावावर कष्टाळूपणा लावला जातो, तो १७२०-३०च्या सुमारास त्याच्या स्वतःच्याच भाषेतल्या फलकात दारू पितो आहे.

दारूचा धागा तर फारच जुना. रोमन इतिहासकार टॅसिटसने इ.स. ९८मध्ये जर्मानियावर लिहिलं त्यात रात्रंदिवस पिण्यात तिथे कोणाला लाज वाटत नाही असा शेरा आहे. त्याची हस्तलिखित प्रत पंधराव्या शतकाच्या मध्याला इटलीत पोचली, छापून बाहेर पडली आणि जर्मन पंडितांनी ती स्वतःचा आरसा म्हणून उचलली. निष्ठावान, साधे, एकपत्नी हे गुण मिरवायला घेतले आणि दारूही सोबत आली. टॅसिटसला मुळात जर्मनांशी देणंघेणं बेताचं होतं. त्याला रोमच्या लोकांना टोचायचं होतं.

---

सावरीचा_कापूस

वा, इथूनच पद्धतीच्या पायऱ्या सांगता येतील. लेअरसेन तीन थर सांगतात. क्रम बदलला तरी चालेल, पण एकही वगळला तर काम कच्चं राहतं.

*थर एक, साच्याची वंशावळ.* हे विशेषण याआधी कोणी कोणाला लावलं? ‘जर्मन दारू पितो’ या चौकटीच्या मागे सोळाशे वर्षांची नक्कल आहे. चित्रकाराला जर्मन पिताना बघायची गरज नव्हती. लेखक जे पाहतो त्यापेक्षा जे वाचतो तेच पुढे लिहितो, हे गृहीत धरून शोध घ्यायचा. निदान तीन जुने दाखले मिळेपर्यंत ‘लेखकाचं निरीक्षण’ हा शब्द लिहायचा नाही.

*थर दोन, काळवेळ.* लिहिताना कोण बलवान होतं, कोणाचं कोणाशी वाजलं होतं? फलकात हंगेरियनच्या वाट्याला बेइमानी, लांडगा आणि युद्धगुणात ‘बंडखोर’ आलंय. १७०३ ते १७११ हंगेरियन सरदार राकोत्सीचा ऑस्ट्रियाच्या हाब्सबुर्ग राजघराण्याविरुद्धचा उठाव चालला होता आणि त्याच्या टोळ्या श्टायरियात घुसून लुटालूट करत. चित्र याच प्रांतातलं. १६८३चा व्हिएन्नाचा वेढा आठवा, मग तुर्काचा रकानाही उलगडतो. धन्याच्या ओळीत पोलिश माणसापुढे ‘निवडलेला’ असं आहे, कारण पोलंडचा राजा सरदार निवडून देत. इंग्रजापुढे ‘कधी हा, कधी तो’. १६४९ला राजाचं डोकं उडवलं, १६८८ला दुसरा पळवून लावला, हे युरोप विसरला नव्हता.

*थर तीन, लिखाणाचा प्रकार आणि आवाज.* प्रहसन, प्रवासवर्णन, लढाईतलं पत्रक, शाळेचं भूगोलाचं पुस्तक यांत साचा वेगवेगळं काम करतो. वाक्य निवेदकाचं आहे की पात्राच्या तोंडचं? लेखक त्या पात्राला हसतोय की त्याच्या मागे उभा आहे? शेक्सपिअरच्या पात्राचं वाक्य ‘शेक्सपिअर म्हणतो’ करून छापलं की तिसरा थर कोसळलाच.

---

वाङ्मयीन

तिसऱ्या थराला एक जोड. नाटकात साचा वापरणं ही एकेकाळी कारागिरीची अट होती. पंडित जे. सी. स्कॅलिजरच्या १५६१च्या काव्यशास्त्रात राष्ट्रांच्या स्वभावांची यादीच आहे, कवीने पात्रं घडवताना वापरावी म्हणून. १६४०च्या सुमारास फ्रेंच काव्यशास्त्रकार ला मेनार्दिएर बजावतो की रंगभूमीवर जर्मन चलाख, स्पॅनिश नम्र आणि फ्रेंच असभ्य दाखवू नये, कारण प्रेक्षकाला ते पटणार नाही. म्हणजे साचा ‘संभवनीयते’च्या नियमात बसवलेला होता. नियम पाळणाऱ्या नाटककाराला आजचा ‘पूर्वग्रहदूषित’ हा शिक्का मारणं म्हणजे लावणीत शृंगार का, असं विचारणं.

प्रहसनातले पन्नास दाखले गोळा करून ‘त्या काळी इंग्रजांना फ्रेंच आवडत नसत’ असा निष्कर्ष काढलेले लेख यामुळेच फसतात. त्यातून कळते ती प्रहसनाची रीत.

---

चौकस_चिमणी

पद्धत पटली. पण एक शंका राहतेच. विस्तवाशिवाय धूर निघत नाही म्हणतात. इतकी शतकं लोक एकच गोष्ट सांगतात तर त्यात रुपयातले चार आणे तरी खरे असतील ना?

---

भीमथडी

दोन उत्तरं देतो, एक मानसशास्त्राचं, एक इतिहासाचं.

२००५मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात तेराचियानो, मॅक्रे आणि अनेक सहकाऱ्यांचा अभ्यास आला. ४९ संस्कृतींतल्या लोकांना ‘तुमच्याकडचा सर्वसाधारण माणूस कसा’ असं विचारलं, आणि प्रत्यक्ष व्यक्तींच्या स्वभावचाचण्यांच्या सरासरीशी ती उत्तरं ताडून पाहिली. मेळ बसला नाही. स्वतःच्या लोकांबद्दलचा साचाही मोजमापाशी जुळत नाही, मग शेजाऱ्याच्या साच्याकडून काय अपेक्षा करायची.

इतिहासाचं उत्तर जास्त टोकदार आहे. धूर तोच राहतो आणि विस्तव जागा बदलतो. फ्रेंच लेखिका मादाम द स्ताएलचं जर्मनीवरचं पुस्तक १८१०मध्ये छापून तयार होतं. नेपोलियनच्या पोलिसांनी प्रती नष्ट केल्या आणि ते १८१३ला लंडनमध्ये निघालं. त्यातला जर्मन स्वप्नाळू, तत्त्वज्ञ, संगीतात बुडालेला, व्यवहारात ढ. दोन पिढ्या फ्रान्समध्ये तोच जर्मन चालला. १८७०-७१च्या युद्धात फ्रान्स हरला आणि बघता बघता टोकदार शिरस्त्राण घातलेला, यंत्रासारखा चालणारा प्रशियन पुढे आला. वर्षभरात एका समाजाचा स्वभाव पालटत नाही. पालटली ती पाहणाऱ्याची गरज. आणि जोडसाच्याची गंमत बघा, पुस्तकी प्राध्यापक आणि निर्दय अधिकारी या दोघांच्या मुळाशी ‘अमूर्त नियमाला चिकटून माणूस विसरणारा’ हेच आहे.

स्पेनचंही तसंच, फक्त उलट दिशेने. सोळाव्या-सतराव्या शतकात स्पेन बलाढ्य, तेव्हा स्पॅनिश माणूस क्रूर, गर्विष्ठ, धर्मांध. या सगळ्या बदनामीला १९१४मध्ये स्पॅनिश लेखक हुलिआन हुदेरिआसने ‘काळी दंतकथा’ हे नाव लोकप्रिय केलं. सत्ता गेल्यावर एकोणिसाव्या शतकात तोच देश गिटार, जिप्सी आणि वैऱ्याच्या रक्ताने माखलेल्या प्रेमकथांचा होतो. फ्रेंच लेखक मेरिमेची ‘कार्मेन’ ही कथा १८४५ची. बलवानाची भीती वाटते, दुबळ्याचं कौतुक वाटतं. लेअरसेन जे तीन सांगाडे सांगतात त्यांतला हा एक, बलवान-दुबळा.

---

सावरीचा_कापूस

बाकीचे दोन इथेच सांगून टाकतो.

*उत्तर-दक्षिण.* उत्तरेचा थंड, विवेकी, उद्योगी, व्यक्तिवादी. दक्षिणेचा उष्ण, भावनाप्रधान, आळशी, कुटुंबवत्सल. याची मुळं हवामानाच्या सिद्धांतात आहेत: हिपोक्रातेसच्या नावावरचा हवा-पाणी-स्थळांचा ग्रंथ, मग फ्रेंच विचारवंत बोदँ, मग १७४८चा माँतेस्क्यू. मजेची गोष्ट ही की याच १७४८ साली स्कॉटिश तत्त्वज्ञ ह्यूमने राष्ट्रस्वभावावर निबंध लिहून हवामानाचं कारण उडवून लावलं, सरकार आणि सहवास यांना श्रेय दिलं. ह्यूमचं ऐकलं कोणी?

हा सांगाडा नकाशावर सरकतो. युरोप पातळीवर जर्मनी उत्तर, इटली दक्षिण. इटलीत गेलात की मिलान उत्तर, नेपल्स दक्षिण. जर्मनीत प्रशिया आणि बव्हेरिया. नेदरलँड्ससारख्या चिमुकल्या देशातही उत्तरेचा काटकसरी कॅल्व्हिनवादी प्रोटेस्टंट आणि दक्षिणेच्या लिम्बुर्ग-ब्राबांतचा खाऊनपिऊन सुखी कॅथलिक. (लेअरसेन स्वतः लिम्बुर्गचे.) म्हणजे ‘बव्हेरियन’ प्रशियाच्या शेजारी दक्षिणेचा आणि सिसिलीच्या शेजारी उत्तरेचा ठरतो. स्वभाव माणसात असता तर तो शेजार बदलल्यावर बदलला नसता.

*केंद्र-परिघ.* राजधानीत काळ पुढे जातो, कडेच्या मुलखात थांबलेला असतो. ब्रिटनी, स्कॉटिश डोंगर, पश्चिम आयर्लंड. इथला माणूस ‘अजूनही’ असा असतो. ‘अजूनही’, ‘आजतागायत’, ‘काळ इथे थबकला’ हे शब्द दिसले की सांगाडा क्रमांक तीन. प्रवासी कंपन्यांची माहितीपत्रकं काढून बघा, एकही सुटणार नाही.

---

उंबरठा

परिघाच्या मुद्द्यात आयर्लंड थोडं सविस्तर यायला हवं, कारण परप्रतिमा स्वप्रतिमा कशी होते ते तिथे स्वच्छ दिसतं. १८५४मध्ये फ्रेंच विचारवंत अर्नेस्त रनाँ (जन्माने ब्रिटनीचा) केल्टिक लोकांच्या (आयरिश, ब्रिटनीवाले वगैरे) काव्यावर निबंध लिहितो: हळवे, लाजरे, स्त्रीसुलभ, पराभूत. १८६७मध्ये इंग्रज कवी-समीक्षक मॅथ्यू आर्नल्ड ते इंग्रजीत आणतो आणि त्यातून सुचवतो की केल्ट भावना देतील, राज्य सॅक्सन (म्हणजे इंग्रज) चालवेल. मग शतकाच्या शेवटी आयरिश पुनरुज्जीवनवाले हेच वर्णन उचलून आपल्या झेंड्यावर लावतात. होय, आम्ही कल्पक, आध्यात्मिक, व्यवहारशून्य, आणि म्हणून तुमच्या दुकानदार संस्कृतीपेक्षा श्रेष्ठ. विशेषणं तीच, फक्त आधीचं उणे चिन्ह आता अधिक झालं.

आपल्याकडे उलटा प्रवास आहे. १८४८ ते १८५० भाऊ महाजनांच्या ‘प्रभाकर’मध्ये लोकहितवादींची १०८ पत्रं आली. त्यातला इंग्रज उद्योगी आणि जिज्ञासू आहे, आणि त्याच्यासमोर ठेवलेले आम्ही आळशी. इंग्रज इथे मुख्यतः चाबूक म्हणून आलाय. टॅसिटसने रोमनांवर जर्मन उगारला तसा. त्यामुळे ‘लोकहितवादींना इंग्रज कसे वाटत’ हा प्रश्न चुकीच्या टोकाने धरलेला ठरतो.

---

कोकणकडा_७७

मराठी साधन हवं असेल तर त्याहून जुनं आहे. आज्ञापत्र, साधारण १७१५-१६चं, म्हणजे भीमथडींच्या फलकाच्या काळाला अगदी लागून. सावकारांच्या प्रकरणात फिरंगी, इंग्रज, वलंदेज, फरासीस, डिंगमार यांची नावं येतात. वलंदेज म्हणजे डच, डिंगमार म्हणजे डेन्मार्कचे, फिरंगी बहुधा पोर्तुगीज. पण नावं वेगळी घेऊनही स्वभाव एकच: टोपीकर. हे इतर सावकारांसारखे नाहीत, यांच्या मागे राजे आहेत, जात हट्टी, हाती आलेली जागा मेले तरी सोडायचे नाहीत, म्हणून समुद्रकाठी मोक्याची जागा देऊ नये.

इथे दोन गोष्टी दिसतात. श्टायरियातून पाहिलं की युरोपचे नऊ वेगळे रकाने आणि लांबच्या टोकाला ‘तुर्क किंवा ग्रीक’ अशी एकच मोट. कोकणातून पाहिलं की सगळ्या युरोपचीच एक मोट. अंतर वाढलं की रकाने मिटतात. दुसरी गोष्ट, लिखाणाचा प्रकार. आज्ञापत्र राज्यकारभाराची शिकवण आहे, म्हणून त्यातला साचा करमणुकीसाठी नाही. तो थेट ‘काय करावे’ला जोडलेला आहे. पोशाख, प्राणी, मरण असलं काही त्यात नाही.

अवांतर: ‘एकसंध युरोपीय ओळख’ ब्रसेल्समध्ये शोधत बसलेल्यांना सांगायला हवं, ती इथे टोपीवरून ठरली होती.

---

निळाई

कोकणकडा, टोपीचा मुद्दा आवडला. रोगाचाही एक आहे. १४९५ला फ्रेंच फौजा नेपल्सला असताना उपदंश पसरला. इटालियनांनी त्याला ‘फ्रेंच रोग’ म्हटलं, फ्रेंचांनी ‘नेपल्सचा रोग’, पोलिशांनी ‘जर्मन रोग’, रशियनांनी ‘पोलिश रोग’. आपल्याकडे सोळाव्या शतकातल्या भावप्रकाश या आयुर्वेदग्रंथात तो ‘फिरंगरोग’ नावाने येतो. प्रत्येक ठिकाणी बोट दाखवलं जातं ते ज्या दिशेने आला त्या शेजाऱ्याकडे. नावांची ही साखळी नकाशावर मांडली तर साथीचा मार्ग आणि वैराचा मार्ग एकाच चित्रात दिसतो.

झुरळाचंही तेच. जर्मनभाषक मुलखात कुठे त्याला ‘रशियन’ म्हणत, कुठे ‘फ्रेंच’, आणि रशियन भाषेत त्याचं नाव ‘प्रुसाक’, म्हणजे प्रशियन. स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ लिन्येने १७६७ला शास्त्रीय नाव देताना ‘जर्मानिका’ करून एका बाजूचा निकाल लावून टाकला. निरोप न घेता सटकण्याला इंग्रज ‘फ्रेंच रजा’ म्हणतो, फ्रेंच माणूस ‘इंग्रजी पद्धतीने सटकणं’. अशा आरशातल्या जोड्या नवशिक्याने सुरुवातीला घ्याव्यात. कोण कोणाला बघतोय ते चुकूच शकत नाही.

---

वाङ्मयीन

इंग्रजाच्या थंड डोक्याचं राहिलं. फलकात ते नाही, हे लक्षात आलं का? तिथला इंग्रज देखणा, कामसू, समुद्रवीर, धनी बदलणारा. भावना गिळून बसणारा इंग्रज हा मुख्यतः एकोणिसाव्या शतकाचा माल. त्याआधीचा जॉन बुल (व्यंगचित्रांतला ठरीव इंग्रज) लालबुंद, खादाड, पटकन चिडणारा. १८७२-७३मध्ये ज्यूल व्हर्नच्या ‘ऐंशी दिवसांत जगप्रदक्षिणा’मधला फिलिआस फॉग येतो तेव्हा नवा साचा पूर्ण घडलेला असतो. घड्याळासारखा चालणारा फॉग मुंबईत उतरतो आणि शहराकडे बघतसुद्धा नाही. पासपोर्टवर शिक्का, मग स्टेशनात जेवण. त्याचा फ्रेंच नोकर पासपार्तू मात्र उत्सुकतेपोटी मलबार हिलच्या देवळात बुटांसकट शिरतो आणि मार खाऊन पळतो. लेखक फ्रेंच. म्हणजे एकाच पानावर इंग्रजाची परप्रतिमा आणि फ्रेंचाची स्वप्रतिमा, आणि दोघी एकमेकींमुळेच उठून दिसतात. साचा एकटा कधी सापडत नाही, त्याची जोडीदारीण शेजारी असते किंवा वाचकाने मनात धरलेली असते. टिपण करताना ‘कोणाच्या तुलनेत’ हा रकाना रिकामा सोडू नका.

---

चौकस_चिमणी

रकान्यांवरून आठवलं. प्रत्यक्ष टिपण कसं करायचं? समजा चार हजार शब्दांचा लेख लिहायचाय.

---

भीमथडी

एक देश, एक विशेषण, दोन काळ. यापेक्षा मोठं घेऊ नका. ‘युरोपीय साचे’ हा विषय नसून ग्रंथालय आहे. ‘डच माणसाचा कंजूषपणा, इंग्रजी लिखाणात, इंग्रज-डच युद्धांच्या काळात (१६५२ ते १६७४) आणि त्यानंतर शंभर वर्षांनी’ हा विषय झाला.

दाखले ६० ते ८० पुरेत, पण निदान चार प्रकारच्या लिखाणातून. एकाच प्रकारचे ८० घेतले तर वाङ्मयीन म्हणतात तसं प्रहसनाची रीत मोजाल. प्रत्येक दाखल्याला एक ओळ, दहा रकाने: साल, लिहिणाऱ्याचा देश, ज्याच्याबद्दल तो देश, मूळ भाषेतलं विशेषण, तुलनेतला देश, लिखाणाचा प्रकार, निवेदक की पात्र, उपरोध आहे-नाही-सांगता येत नाही, स्तुती-निंदा, आणि जुना दाखला. विशेषण मूळ भाषेतच ठेवा. सुरुवातीलाच मराठी केलंत तर ‘काटकसरी’ आणि ‘कंजूष’ यांतला फरक तुमच्या हातून गायब होईल, आणि तोच तर मोजायचाय.

निंदाच गोळा करायची चूक सगळेच करतात. स्तुती सोडली की जोडसाचा अर्धा राहतो.

---

निळाई

डिजिटल शोधात काय बिघडतं ते सांगते. फ्रेंचसाठी गालिका, डचसाठी डेल्फर, ऑस्ट्रियन वर्तमानपत्रांसाठी ‘अन्नो’, तिन्ही मोफत. पण:

१. जुन्या छपाईत लांब ‘एस’ हे अक्षर ‘एफ’सारखं दिसतं. यंत्र ते चुकीचं वाचतं. शोध दोन्ही अक्षरांनी द्या. जर्मन फ्राक्टूर टायपात तर चुका आणखी.

२. नावं सरकतात. जुन्या इंग्रजीत ‘डच’ शब्दात जर्मनही येतात. जर्मनमधला ‘वेल्श’ म्हणजे वेल्सचा नव्हे, इटालियन किंवा एकूणच रोमान्सभाषक (लॅटिनमधून निघालेली भाषा बोलणारा). फलकातला इटालियनही ‘वेलिश’च आहे. रशियासाठी मस्कोवी शोधा.

३. भलतेच अर्थ. इंग्रजीत ‘पोलिश’ लिहिलं की चकाकी आणणं येतं, ‘टर्की’ला पक्षी, ‘स्वीड’ला सलगमासारखा कंद. फ्रेंचमध्ये ‘आलमांद’ला नाच.

४. शब्दवारंवारतेचा आलेख काढून ‘१८७०नंतर उल्लेख वाढले’ म्हणू नका. छापील पानंच वाढली होती. दर दहा लाख शब्दांमागे किती, हे बघा, आणि वर्तमानपत्रं व पुस्तकं वेगळी ठेवा.

---

उंबरठा

आजच्या काळात येऊ का? युरोच्या कर्जसंकटात उत्तर-दक्षिण सांगाडा जसाच्या तसा बाहेर आला. फेब्रुवारी २०१०मध्ये जर्मन साप्ताहिक ‘फोकस’च्या मुखपृष्ठावर मिलोची व्हीनस (प्रसिद्ध प्राचीन ग्रीक पुतळा) मधलं बोट दाखवत होती, वर ‘युरो कुटुंबातले ठग’ अशा अर्थाचा मथळा. मार्च २०१७मध्ये युरोगटाचे (युरो वापरणाऱ्या देशांच्या अर्थमंत्र्यांच्या गटाचे) डच अध्यक्ष डायसेलब्लूम एका जर्मन दैनिकाला म्हणाले की सगळे पैसे दारू आणि बायांवर उडवून मग मदत मागता येत नाही. त्यांनी देशाचं नाव घेतलं नव्हतं. लिस्बन आणि माद्रिदला कोणी सांगावं लागलं नाही.

याच्या उलट टोकाला युरोच्या नोटा. ऑस्ट्रियाच्या रोबेर्त कालिनाने आराखडा केला तेव्हा कुठल्याही देशाचा खरा पूल दिसू नये ही काळजी होती. म्हणून सात नोटांवर सात शैलींतले काल्पनिक पूल आणि दारं-खिडक्या. युरोपची समाईक स्वप्रतिमा म्हणजे कोणाचीच नसलेली वास्तू. मग नेदरलँड्समधल्या स्पाइकेनिसे या गावाने २०११ ते २०१३ या काळात ते साती पूल नोटांच्याच रंगात प्रत्यक्ष बांधले. आता ते एका देशाचे झाले.

---

सावरीचा_कापूस

नोटांसोबत ‘एंट्रोपा’ ही कलाकृती ठेवायलाच हवी. जानेवारी २००९, युरोपीय संघाचं अध्यक्षपद चेक प्रजासत्ताकाकडे, ब्रसेल्सच्या परिषद इमारतीत चेक कलाकार डाविद चेर्नीची प्रचंड मांडणी. सांगितलं होतं की २७ देशांचे २७ कलाकार आहेत. प्रत्यक्षात चेर्नी आणि त्याचे साथीदार. रोमेनिया ड्रॅक्युलाचं उद्यान, फ्रान्सवर ‘संप!’, नेदरलँड्स पुरात बुडालेलं आणि वर फक्त मिनार, जर्मनी मोटाररस्त्यांचं जाळं, ब्रिटनची जागा रिकामी. बल्गेरिया म्हणजे उकिडवं बसायचे संडास. बल्गेरियाने आक्षेप घेतला आणि तो भाग काळ्या कापडाने झाकला.

इथे लेअरसेनचा उपरोधाबद्दलचा मुद्दा लागतो. आजचा साचा बहुधा डोळा मिचकावत येतो. ‘मस्करी होती, कळत नाही का?’ ही पळवाट तयार असते, आणि साचा मात्र पोचलेला असतो, कारण विनोद कळायला तो आधी माहीत असावा लागतो. भीमथडींच्या उपरोधाच्या रकान्यात ‘सांगता येत नाही’ हा पर्याय आहे तो यासाठी. १९९०नंतरच्या दाखल्यांत तो जास्त भरेल. दडपून ‘आहे’ किंवा ‘नाही’ करू नका.

---

चौकस_चिमणी

वाचनखूण साठवली. डच कंजूषपणाच घेते. ‘डच ट्रीट’ म्हणजे आपापलं बिल आपण, तिथून सुरुवात करू का?

---

भीमथडी

नको, तो शब्द खूप नंतरचा, तुमच्या पहिल्या काळात बसणार नाही. पहिल्या काळासाठी १६५३ची अँड्र्यू मार्व्हेलची हॉलंडवरची कविता घ्या. तिथे हॉलंड म्हणजे ब्रिटनच्या वाळूची खरवड आहे, जमीन म्हणायच्याही लायकीची नाही. आधी त्यात कंजूषपणा आहे का तेच तपासा. नसला तर तुमचा विषय बदलला, आणि ‘कंजूषपणा त्या युद्धात नव्हता, मग आला कधी’ हा मूळ विषयापेक्षा चांगला आहे. शोध देताना ‘डच’सोबत ‘हॉलंडर’ आणि ‘हॉगन-मोगन’ही टाका. डच सरकारच्या ‘उच्च आणि पराक्रमी’ या पदवीची इंग्रजांनी केलेली ती चेष्टा, आणि त्या काळच्या पत्रकांत ती सापडते.

---

निळाई

आणि ‘हॉगन-मोगन’चं स्पेलिंग प्रत्येक पत्रकात वेगळं असतं, जोडरेघ कधी असते कधी नसते. ‘हॉग’नंतर तारांकन देऊन शोधा, मग डुकरांचे दाखले हाताने वेगळे काढा.